विश्लेषण : सहावी ते आठवीची शाळा नेमकी कुणाची? राजुऱ्यातील ‘मधल्या’ वर्गांचा पेच काय आहे?

गावातील शाळा चौथीला संपते, पाचवीला संपते की सातवीला, यावर राजुरा तालुक्यातील अनेक मुलांचे पुढचे शिक्षण ठरते. राजुरा शहरात राहणाऱ्या पालकांना हा प्रश्न फारसा पडत नाही. जंगलाच्या कडेच्या गुड्यात किंवा कोलामांच्या पोडावर मात्र तो दर जून महिन्यात दारात उभा असतो. कायद्याने आठवीपर्यंतचे शिक्षण मोफत आणि सक्तीचे आहे, पण सहावी, सातवी आणि आठवी हे तीन वर्ग कधी प्राथमिक शाळेचे असतात, कधी हायस्कूलचे, तर कधी घरापासून दूर असलेल्या वसतिगृहाचे. हा गोंधळ आजचा नाही. त्यामागे तीन राजवटींचा इतिहास आहे.

‘मधली शाळा’ म्हणजे काय?

अमेरिकेत ओहायो राज्यातील कोलंबस शहरात १९०९ मध्ये ‘ज्युनियर हायस्कूल’ सुरू झाले. त्या काळी तिथे आठ वर्षांची प्राथमिक आणि चार वर्षांची माध्यमिक शाळा होती. आठवीनंतर मोठ्या संख्येने मुले शाळा सोडत. प्राथमिक शाळेतून थेट हायस्कूलमध्ये उडी मारण्याऐवजी मधे एक पायरी असावी, हा या शाळांमागचा एक मुख्य विचार होता. तो पुढे कॅनडातही रुजला. कॅनडात शिक्षण हा प्रांतांचा विषय असल्याने सर्वत्र सारखी रचना नाही. अल्बर्टा प्रांतात सातवी ते नववीची स्वतंत्र सरकारी शाळा सर्रास आढळते, तर ऑन्टॅरियोत अनेक ठिकाणी बालवर्गापासून आठवीपर्यंत एकच शाळा असते. स्वतंत्र शाळा असेल तिथे तिला स्वतःची इमारत, स्वतःचे मुख्याध्यापक आणि सुतारकाम, स्वयंपाक, वाद्यवृंद असे निवडीचे विषय असतात.

आपल्याकडे असे वेगळे घर या वर्गांना क्वचितच मिळाले. वास्तविक अकरा ते चौदा हेच वय शाळा सुटण्याच्या दृष्टीने सर्वात धोक्याचे. मुलगी या वयात धाकट्या भावंडांना सांभाळण्याइतकी मोठी झालेली असते आणि मुलगा मजुरीला जाण्याइतका.

वर्धा नदीच्या दोन काठांवर दोन शाळा कशा होत्या?

राजुरा तालुका आज चंद्रपूर जिल्ह्यात आहे, पण १९४८ पर्यंत तो निजामाच्या हैदराबाद संस्थानात, आदिलाबाद जिल्ह्यात होता. वर्धा नदी ही सरहद्द होती. पलीकडे बल्लारपूर आणि चांदा ब्रिटिशांच्या मध्य प्रांतात. तिकडे चौथीनंतर ‘मिडल स्कूल’ आणि मग हायस्कूल अशी चढण होती. विदर्भातील जुन्या पिढीच्या तोंडी ‘मिडल’ हा शब्द बराच काळ होता, तो तिथलाच.

अलीकडच्या काठावर शाळांची नावे वेगळी होती. निजामाच्या राज्यात प्राथमिक शाळेला तहतानिया, मधल्या शाळेला वस्तानिया आणि हायस्कूलला फौकानिया म्हणत. उस्मानिया विद्यापीठ १९१८ मध्ये उर्दू माध्यमात सुरू झाल्यानंतर खालच्या शाळाही त्याच दिशेने वळल्या. लहान वर्गांत मातृभाषेला थोडीफार जागा असे. वस्तानियापासून मात्र मुख्यतः उर्दूचे राज्य. म्हणजे घरी गोंडी, कोलामी, तेलुगू किंवा मराठी बोलणाऱ्या मुलासाठी मधल्या शाळेचा उंबरठा हा भाषेचाही उंबरठा होता. तो ओलांडणारी मुले थोडी होती.

मारलवाईचा प्रयोग कोणता?

याच आदिलाबाद जिल्ह्यात एक वेगळी गोष्ट घडली, जिची आठवण महाराष्ट्रात फारशी काढली जात नाही. १९४० मध्ये कुमराम भीम यांचा जोडेघाटचा लढा चिरडल्यानंतर निजाम सरकारला गोंडांच्या असंतोषाची दखल घ्यावी लागली. मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्टोफ फॉन फ्युरर-हायमेनडॉर्फ यांना या भागाचा अभ्यास करायला सांगण्यात आले. त्यांच्या पुढाकाराने १९४३ मध्ये मारलवाई या गोंड गावात आदिवासी तरुणांना शिक्षक म्हणून तयार करणारे केंद्र सुरू झाले.

या योजनेत गोंडी भाषेतील वाचनपुस्तके तयार झाली आणि ती छापली गेली देवनागरीत. कारण व्यावहारिक होते. या पट्ट्यातील गोंडांना बाजारहाटाची मराठी येत होती, त्यामुळे देवनागरी त्यांना परकी नव्हती. शिक्षक गावचाच, भाषा घरचीच आणि त्यावरून पुढच्या भाषेकडे जायचे, असा हा क्रम. मारलवाई आज तेलंगणाच्या कुमुरम भीम आसिफाबाद जिल्ह्यात आहे. हैदराबाद संस्थान विलीन झाल्यावर आणि भाषावार प्रांतरचनेनंतर तिकडच्या शाळा तेलुगूकडे वळल्या, इकडच्या मराठीकडे. गोंडी दोन्हीकडे मागे राहिली. मातृभाषेतून शिक्षणाबद्दल आज जे नवे म्हणून सांगितले जाते, त्यातले बरेचसे राजुऱ्याच्या जुन्या जिल्ह्यात ऐंशी वर्षांपूर्वी करून पाहिलेले आहे.

१९५६ नंतर काय बदलले?

राज्य पुनर्रचनेत राजुरा आदिलाबादमधून निघून मुंबई राज्यात आला. आधी तो नांदेड जिल्ह्याला जोडला गेला आणि १९५९ मध्ये चांदा जिल्ह्याला. अवघ्या दहा-अकरा वर्षांत या तालुक्याच्या शाळांनी हैदराबाद संस्थान, हैदराबाद राज्य आणि मुंबई राज्य अशा तीन व्यवस्था पाहिल्या. एखाद्या घरात थोरला भाऊ उर्दूत शिकला आणि धाकटा मराठीत, असे होऊ शकणारा हा काळ. पुढे याच तालुक्यातून कोरपना आणि जिवती हे तालुके वेगळे झाले.

नव्या व्यवस्थेत पहिली ते सातवी प्राथमिक आणि आठवीपासून माध्यमिक अशी विभागणी स्थिरावली. सातवीच्या अखेरच्या परीक्षेला तेव्हा मोठा मान होता. ‘सातवी फायनल’ पास झालेला माणूस शिक्षक किंवा तलाठी होऊ शकत असे. त्यामुळे गावातील शाळा सातवीपर्यंत असली तरी ते शिक्षण पूर्ण मानले जाई. नोकरीसाठी दहावीची अट आली, तसे या सातवीचे मोल गेले. शाळा मात्र सातवीलाच संपत राहिली.

मग आठवी कुणाची?

खरी गुंतागुंत इथे आहे. शिक्षण हक्क कायदा २००९ मध्ये झाला आणि १ एप्रिल २०१० पासून लागू झाला. त्याने पहिली ते आठवी हे प्राथमिक शिक्षण ठरवले. पहिली ते पाचवी एक टप्पा, सहावी ते आठवी दुसरा. महाराष्ट्रात मात्र प्रत्यक्षात पहिली ते चौथी, पाचवी ते सातवी आणि आठवी ते दहावी अशी मांडणी होती. म्हणजे पाचवी आणि आठवी हे दोन्ही वर्ग कायद्याच्या हिशेबाने चुकीच्या जागी होते.

जुलै २०१३ च्या शासन निर्णयाने यावर मार्ग काढण्याचा प्रयत्न केला. एक किलोमीटरच्या आत पाचवीची सोय नसेल, तर चौथीपर्यंतच्या शाळेला पाचवी जोडायची. तीन किलोमीटरच्या आत आठवीची सोय नसेल, तर सातवीपर्यंतच्या शाळेला आठवी जोडायची. कागदावर सरळ वाटणारे हे गणित गावात आल्यावर अडले. कारण आठवीचा वर्ग हा अनुदानित खासगी हायस्कूलचा पाया असतो. आठवीला तुकडी भरली तर शिक्षकांची पदे टिकतात, नाही भरली तर शिक्षक अतिरिक्त ठरतात. उन्हाळ्यात हायस्कूलचे शिक्षक गावोगाव फिरून सातवी पास मुलांची नावे गोळा करतात, ते याचमुळे. जिल्हा परिषदेच्या शाळेने आठवी सुरू केली की शेजारच्या संस्थेचा पट तुटतो. या ओढाताणीत दोन्ही बाजूंची चिंता खरी आहे. पण ज्या पोडाकडे कुणीच फिरकत नाही, तिथल्या मुलीसाठी ही स्पर्धा असून नसल्यासारखीच.

वर्गांच्या या सरकवासरकवीचा आणखी एक नमुना म्हणजे शिष्यवृत्ती परीक्षा. वर्षानुवर्षे ती चौथी आणि सातवीत होत असे. २०१६-१७ पासून ती पाचवी आणि आठवीत गेली. २०२५ मध्ये राज्याने ती पुन्हा चौथी-सातवीकडे नेण्याचा निर्णय घेतला. दहा वर्षे सरकारलाच या टप्प्याची सीमा नेमकी कुठे आहे याबद्दल मन बनवता आले नाही, असा याचा अर्थ काढला तर चूक ठरू नये.

तीन किलोमीटर म्हणजे किती?

राज्याच्या नियमांनुसार सहावी ते आठवीची शाळा घरापासून तीन किलोमीटरच्या आत हवी. नकाशावर तीन किलोमीटर म्हणजे पाऊण तासाची चाल. जिवतीच्या माणिकगड डोंगररांगेत हेच अंतर नाला, चढ आणि जंगल घेऊन येते. राजुरा-कोरपना पट्ट्यात वेगळी अडचण आहे. तिथे कोळसा खाणींचे आणि सिमेंट कारखान्यांचे ट्रक त्याच रस्त्याने धावतात. अकरा वर्षांच्या मुलीला त्या रस्त्याने एकटी पाठवायला पालक कचरतात आणि त्यांना दोष देता येत नाही.

प्रवासाच्या योजना आहेत. एसटीचा अहिल्याबाई होळकर पास पाचवीपासून मुलींना मोफत मिळतो. पण पास बसमध्ये चालतो आणि बस फाट्यापर्यंत येते. मानव विकास मिशनची सायकल आठवी ते बारावीच्या मुलींसाठी आहे. ज्या मुलीला पाचवीनंतर दुसऱ्या गावी जावे लागते, तिची सहावी-सातवीची दोन वर्षे या सायकलीत बसतच नाहीत.

अंतराच्या जोडीला स्थलांतर येते. चंद्रपूर आणि गडचिरोलीतून दरवर्षी हजारो मजूर मिरची तोडणीसाठी तेलंगणात जातात. हंगाम साधारण जानेवारीपासून उन्हाळ्यापर्यंत चालतो. नेमका हाच वार्षिक परीक्षेचा काळ. लहान मूल आजीकडे राहू शकते. सहावी-सातवीतील मूल मात्र सोबत नेले जाते, कारण तेही मिरची तोडू शकते. शाळेच्या हजेरीत तो ‘सतत गैरहजर’ दिसतो, एप्रिलमध्ये परत येतो आणि जूनमध्ये पुढच्या शाळेत नाव घालायला जाणे कधी जमते, कधी राहून जाते.

या वर्गांना शिक्षक किती हवेत?

कायद्याच्या अनुसूचीत उत्तर स्पष्ट आहे. सहावी ते आठवीसाठी प्रत्येक वर्गामागे किमान एक शिक्षक, असे की विज्ञान-गणित, सामाजिक शास्त्रे आणि भाषा यांना प्रत्येकी किमान एक जण मिळेल. ३५ मुलांमागे एक शिक्षक. १०० पेक्षा जास्त मुले असतील तर पूर्णवेळ मुख्याध्यापक आणि कला, आरोग्य व शारीरिक शिक्षण, कार्यशिक्षण यांचे अर्धवेळ निदेशक.

प्रत्यक्षात पदे ठरतात संचमान्यतेने, म्हणजे पटावरच्या मुलांच्या मोजणीने. १५ मार्च २०२४ च्या संचमान्यतेच्या निर्णयानंतर शिक्षक संघटनांनी राज्यभर आंदोलने केली. सहावी ते आठवीचा पट वीसपेक्षा कमी असेल तर तिथे विषय शिक्षकाचे काय, हा त्यातील कळीचा मुद्दा होता. शहरातील शाळेला हा आकडा क्षुल्लक वाटेल. पण तीस-चाळीस घरांच्या वस्तीत सहावी, सातवी आणि आठवी मिळून वीस मुले जमणे हीच मोठी गोष्ट. पट कमी म्हणून शिक्षक नाही, शिक्षक नाही म्हणून पालक मूल दुसरीकडे घालतात, मग पट आणखी कमी. त्याआधी २०२३ मध्ये कमी पटाच्या शाळा एकत्र करून ‘समूह शाळा’ करण्याचा प्रस्ताव शिक्षण विभागाने मागवला होता, त्यालाही जंगलपट्ट्यातून विरोध झाला तो याच भीतीने.

आश्रमशाळा आणि एकलव्य हा पर्याय आहे का?

अनेक कुटुंबांसाठी हाच एकमेव पर्याय आहे. राज्यात शासकीय आश्रमशाळांची योजना १९७२-७३ पासून राबवली जाते. राहणे, जेवण, शिक्षण एकाच ठिकाणी असल्याने तीन किलोमीटरचा आणि स्थलांतराचा, दोन्ही प्रश्न एका झटक्यात मिटतात. राजुरा तालुक्यात देवाडा येथे शासकीय आश्रमशाळा आहे. तिथेच एकलव्य निवासी शाळाही आहे. एकलव्य ही केंद्राची योजना १९९७-९८ मधली. तिची सुरुवात सहावीपासून होते, बारावीपर्यंत जाते आणि प्रवेश परीक्षेतून मिळतो. मधल्या वर्गांना स्वतंत्र सुरुवात देणारी रचना म्हणून ती कॅनडातील ज्युनियर हायस्कूलच्या कल्पनेला इथल्या इतर शाळांपेक्षा जवळची आहे. अट एकच, घर सोडायचे.

आश्रमशाळांबद्दल बातम्या येतात त्या बहुतेक दुरवस्थेच्या. म्हणून २०१८ चा मे महिना लक्षात ठेवायला हवा. आदिवासी विकास विभाग आणि चंद्रपूर जिल्हा प्रशासनाच्या ‘मिशन शौर्य’ उपक्रमात बोर्डा, देवाडा आणि जिवती येथील आश्रमशाळांचे विद्यार्थी निवडले गेले. दार्जिलिंग आणि लडाखमध्ये त्यांचे प्रशिक्षण झाले आणि पाच जण एव्हरेस्टच्या शिखरावर पोहोचले. त्या यशाने एक गोष्ट दिसली. या शाळांतील मुलांकडे ताकद होती, ती कुणी शोधत नव्हते.

दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. एप्रिल २०१९ मध्ये राजुऱ्यातील एका खासगी शाळेच्या वसतिगृहातील आदिवासी मुलींवरील अत्याचाराचे प्रकरण उघड झाले आणि जिल्हा हादरला. मुलीला वसतिगृहात ठेवताना पालकांच्या मनात जे येते, त्याला तेव्हापासून एक ठोस कारण मिळाले. सहावी ते आठवीच्या मुलींसाठीच २००४ मध्ये केंद्राने कस्तुरबा गांधी बालिका विद्यालये सुरू केली आणि गडचिरोलीच्या दुर्गम तालुक्यांत ती आहेत. पण निवासी शाळा कितीही वाढवल्या तरी गावाजवळच्या दिवसाच्या शाळेची जागा त्या घेऊ शकत नाहीत. अकरा वर्षांच्या प्रत्येक मुलाने शिकण्यासाठी घर सोडलेच पाहिजे, ही अपेक्षा शहरातील कुणाकडूनही केली जात नाही.

सीमेवरील गावांत दोन राज्यांच्या शाळा कशा?

जिवती तालुक्यात महाराष्ट्र आणि तेलंगणा दोघेही दावा सांगत आलेली चौदा गावे आहेत. परमडोली, मुकादमगुडा, महाराजगुडा ही त्यांतली काही. इथे अनेकांकडे दोन्ही राज्यांची रेशनकार्डे आणि मतदार ओळखपत्रे आहेत आणि काही गावांत मराठी व तेलुगू अशा दोन्ही माध्यमांच्या सरकारी शाळा चालतात. या गावांतील बरीच कुटुंबे मराठवाड्यातून, विशेषतः १९७२ च्या दुष्काळानंतर आलेली, म्हणजे घरी मराठी किंवा बंजारा बोली. जुलै २०२५ मध्ये राज्य सरकारने ही गावे पूर्णपणे चंद्रपूर जिल्ह्यात समाविष्ट करण्याची प्रक्रिया सुरू केल्याचे जाहीर केले.

प्राथमिक वर्गापर्यंत दोन शाळा ही चैन वाटू शकते. मधल्या वर्गात पोहोचल्यावर मात्र एकीचीच निवड करावी लागते, कारण दहावीची परीक्षा एकाच मंडळाची देता येते आणि जातीचा दाखला, शिष्यवृत्ती, वसतिगृह हे सगळे त्या निवडीला बांधलेले असते. वस्तानियाच्या उंबरठ्यावर जो भाषेचा प्रश्न होता, तो इथे वेगळ्या लिपीत शिल्लक आहे.

नवे धोरण काय म्हणते?

राष्ट्रीय शिक्षण धोरण २०२० ने ५+३+३+४ अशी रचना सुचवली. त्यातील दुसरे ‘तीन’ म्हणजे सहावी ते आठवीचा स्वतंत्र टप्पा. विषयवार शिक्षक, सुतार-कुंभार-माळी अशा कारागिरांसोबत प्रत्यक्ष कामाची ओळख आणि दहा दिवस दप्तराविना शाळा, असे त्यात आहे. बांबू, मोहफूल आणि तेंदूपत्ता यांच्या प्रदेशात अशा कामाला साधने शोधायला लांब जावे लागणार नाही. २०२५ मध्ये राज्यातील सगळी चर्चा पहिलीच्या तिसऱ्या भाषेभोवती फिरली आणि हा टप्पा बाजूला पडला.

दरम्यान परीक्षेचा नियम बदलला आहे. केंद्राच्या २०१९ मधील दुरुस्तीनंतर महाराष्ट्रानेही २०२३-२४ पासून पाचवी आणि आठवीत वार्षिक परीक्षा व नापास झाल्यास पुनर्परीक्षा लागू केली. त्यातही नापास झाला तर विद्यार्थी त्याच वर्गात राहतो. मिरचीच्या हंगामातून एप्रिलमध्ये परतणाऱ्या मुलासाठी हा नियम सर्वात कडक ठरतो.

पालकांना आत्ता काय करता येईल?

नवोदय विद्यालयाचा प्रवेश सहावीला होतो आणि त्यातील किमान ७५ टक्के जागा ग्रामीण मुलांसाठी असतात. जिल्ह्याचे नवोदय नागभीड तालुक्यातील तळोधी (बाळापूर) येथे, म्हणजे राजुऱ्यापासून जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला आहे. आठवीत शिकणाऱ्यांसाठी एनएमएमएस परीक्षा असते. निवड झाल्यास नववी ते बारावी दरवर्षी १२ हजार रुपये मिळतात आणि पालकांच्या वार्षिक उत्पन्नाची मर्यादा साडेतीन लाख रुपये आहे. मात्र शासकीय निवासी शाळेतील मुले तिला पात्र नाहीत, म्हणून आश्रमशाळेतून गावाजवळच्या हायस्कूलला येण्याचा विचार असेल तर तो आठवीच्या आधी करावा लागतो.

शाळा सुटलेल्या मुलाला वयानुसार वर्गात प्रवेश मागता येतो आणि मागे पडलेला अभ्यास भरून काढण्यासाठी विशेष प्रशिक्षण मिळण्याचा त्याला हक्क आहे. चौदा वर्षे पूर्ण झाली तरी आठवी होईपर्यंतचे शिक्षण मोफतच राहते. जुन्या शाळेचा दाखला आला नाही, या कारणावरून सरकारी किंवा अनुदानित शाळेला आठवीपर्यंत प्रवेश नाकारता येत नाही. दाखला लगेच देणे ही जुन्या शाळेच्या मुख्याध्यापकांची जबाबदारी आहे. गावात आठवीचा वर्ग हवा असेल तर ठराव शाळा व्यवस्थापन समितीत मांडता येतो. तिचे ७५ टक्के सदस्य पालक असतात, निम्मे सदस्य महिला असणे बंधनकारक आहे आणि अंतराचा मुद्दा किलोमीटरसह लेखी मांडलेला असेल तर तो गटशिक्षणाधिकाऱ्यांकडे पाठवता येतो.